दामल्यांचे पाच यार्ड

इथे जपानात, आमच्या ओजिमाच्या बिल्डिंगमधल्या दामल्यांना माणूस भेटला की ते आधी त्याची पोझिशन ठरवतात. अमेरिकन फुटबॉलमधली. मी क्वार्टरबॅक, म्हणजे डोकं चालवणारी आणि हुकूम सोडणारी. आमचे हे किकर. "सगळ्यांची हाडं मोडून झाली की येणार, एक लाथ मारणार आणि श्रेय घेणार. काय वहिनी?" बरोबरच होतं, म्हणून मी त्यांना आणखी पोहे वाढले.

गणपतीला तर कहर. मोदक वळणाऱ्या पाच बायकांना दामल्यांनी ओळीत बसवलं. मधली सेंटर, तिच्या दोन्ही बाजूंना गार्ड, कडेला टॅकल. "पोझिशन सोडायची नाही," असं भाषण चालू, आणि इकडे उकड गार. स्वतः आयुष्यात साधी लगोरी खेळले नसतील.

हे खूळ त्यांच्या मुलामुळे, चिन्मयमुळे. त्या मोठ्या भूकंपानंतरच्या वर्षी त्यांची बायको, मीनाताई, आजारपणात गेल्या, घरात उरले बापलेक. पोरगा हळूहळू जपानीतच उत्तरं द्यायला लागला, मग तीही आटली. मराठी विसरलो म्हणतो. दामल्यांचं जपानी ऑफिसपुरतं. आता चिन्मय कॉलेजच्या टीममध्ये गार्ड आहे, चेंडूला हात न लावता दुसऱ्यासाठी मार खाणारा. त्याच्याशी बोलायला काहीतरी विषय हवा, म्हणून या गृहस्थांनी सगळ्या पोझिशन पाठ केल्या. तरी लेक नुसती मान हलवून खोलीत जातो. मला तर त्याला दोन धपाटे घालावेसे वाटतात.

परवा मॅचला मलाही ओढून नेलं. चेंडू निघेपर्यंत गार्डनं हलायचं नाही, हलला तर पाच यार्ड दंड, हे ट्रेनमध्ये चारदा सांगून झालं. शेवटची दोन मिनिटं राहिली. पोरं वाकून, हात टेकून सज्ज. मैदान चिडीचूप. आणि दामले, जेवताना ओरडावं तसे ओरडले, "चिनू, पोक काढू नकोस!"

गार्ड ताठ उभा राहिला.

शिट्टी वाजली, पाच यार्ड गेले आणि त्यांच्यापायी मॅचही गेली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. चिन्मय हेल्मेट काढून तरातरा कुंपणापाशी आला.

"बाबा, तू गप्प बस ना जरा."

दामले खाली बसले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा पुसला. माझ्या दंडाला धरून हळूच म्हणाले, "ऐकलंत वहिनी? 'जरा' म्हणाला."