श्रावणातली अंडी

आमचे कशेळीचे घरमालक दामूशेठ श्रावणात मला रोज मिस कॉल देत. ते खाली राहत, मी वर. पण नवा मोबाइल घेतल्यापासून नुसती हाक मारणं त्यांना कमीपणाचं वाटे. मिस कॉलचा अर्थ एकच: खाली ये आणि अंडं खा.

दामूशेठ कडक श्रावण पाळत, पण त्यांच्या नऊ कोंबड्या पाळत नसत. "आमचे कोंबऱ्यांना श्रावन समजत न्हाय," असं ते खेदाने सांगत. घरची अंडी विकायची नाहीत, वाया घालवायची नाहीत, स्वतः खायची तर मुळीच नाहीत. मग उरलं लोणचं.

पहिल्या वर्षी त्यांनी ते कैरीसारखं घातलं. उकडलेली अंडी, मोहरी, तेल, आणि बरणी मिळेल त्या उन्हात गच्चीवर. चौथ्या दिवशी शेजारच्या गोदामाचा वॉचमन गॅस लीक झाला म्हणून शिट्टी फुंकत आला.

पुढच्या वर्षी भिवंडीच्या बाजारातला मसालेवाला म्हणाला, "सेठ, सिरका डालो." सिरका, म्हणजे व्हिनेगर, आला. अंडी उकडताना दामूशेठ देव्हाऱ्याला पडदा लावत आणि स्वतःच्या नाकाला रुमाल बांधत, कारण वासानेही श्रावण मोडतो अशी त्यांची पक्की समजूत होती. पण चव कोण बघणार? अर्थात मी. मी बाराही महिने काहीही खातो.

भिंतीकडे तोंड करून ते विचारत, "मीठ?"

"जास्त."

"तिखट?"

"मेलो!"

"बरा. उद्या परत ये. मना ह्यो जमवाचाच हाय."

वीस दिवस मी खाल्लं. ऑफिसात माझ्या शेजारची खुर्ची रिकामी राहू लागली. शेवटी एकदा खोटंच 'जमलं' म्हणून सुटायचं ठरवलं आणि खाली गेलो. घास घेतला. खरोखरच जमलं होतं! आंबट, तिखट, वर मोहरीचा झणका.

"दामूशेठ, जमलं! आता याला हात लावू नका!"

ते वळले. मला वाटलं, आता नाचतील. पण त्यांचा चेहरा उतरला. त्यांनी उगाचच बरणीचं झाकण लावलं, पुन्हा काढलं. बायको जाऊन तीन वर्षं झालेली, मुलं ठाण्याला. दिवसभरात या माणसाशी बोलायला माझ्याशिवाय कोणी येत नव्हतं, हे इतक्या दिवसांत माझ्या लक्षात आलं नव्हतं. लाज वाटली मला.

"मंग उद्यापासना तू येनार न्हाय?"

मी दुसरं अंडं उचललं आणि डोळे मिटून सावकाश चावलं.

"मीठ जरा कमी आहे हो."

"मना वाटलाच व्हता!" दामूशेठ म्हणाले, आणि लगबगीने माझ्यासाठी चहा ठेवायला आत गेले.