देवधरच्या किल्ल्याची वेस

आमच्या वरच्या मजल्यावरचा देवधर कॉम्प्युटरमधल्या माणसांना जेवायला घातल्याशिवाय स्वतः जेवत नाही. पुण्याचा इंजिनिअर, चाळिशीचा बाप्या. तोक्योत, कोतो नावाच्या भागात, आम्ही एकाच इमारतीत राहतो. माझी बायको पारू गेली आणि मुलानं मला इथं आणून ठेवलं. दिवसभर घरात कुणी नाही. नात शाळेतून येते ती जपानीत बोलते. म्हणून रविवारी मी देवधरकडं जाऊन बसतो.

त्याचा खेळ किल्ल्याचा. तट बांधायचा, गाव वसवायचं, मग शत्रूशी लढायचं. हा लढतच नाही. खेळातलं गाव इराककडचं, तिथल्या सगळ्यांना अरब म्हटलंय, त्यावर याचं डोकं फिरतं. "आबा, हे कुर्द आहेत, कुर्द! डोंगरातले लोक. यांना स्वतःचा देश कुणी दिला नाही. निदान माझ्या खेळात तरी मिळू दे!" ऑफिसातल्या जपान्यांनी 'देवधर-सान', म्हणजे देवधरराव, म्हणून जेवायला नेलं, तर तिथंही यानं कुर्दच सांगितले. आता कुणी नेत नाही.

माझी शाळा दुसरीपर्यंत, पण जन्मभर गवंडीकाम केलं. एकदा त्यानं कुर्दांच्या गावाचा फोटो दाखवला. डोंगराच्या उतारावर मातीची सपाट छपरं, खालच्याचं छप्पर तेच वरच्याचं अंगण. म्हटलं, "ही तर आमच्या बार्शीकडची माळवदं!" तेव्हापासून मी त्याचा मिस्त्री. वसंतात ते लोक जाळ करून नाचतात, नवरोज म्हणतात त्याला. यानं प्रत्येक माळवदावर जाळ पेटवला. म्हटलं, "येड्या, खालची तुळई पेटेल की!" त्यानं निमूट सगळे जाळ टेकडीवर नेले.

खेळात एक नियम आहे. लोक नाखूष झाले की वेशीतून निघून जातात. एक जरी निघाला तरी हा खुर्चीतून उठतो.

"आबा, चालला! भाकरी दुप्पट केली तरी चालला!"

"जाईना का. चित्रातलं माणूस ते."

"असं कसं? माणूस जाता कामा नये."

त्याची बायको मुलीला घेऊन पुण्याला गेली, त्याला दोन वर्षं झाली. करमत नव्हतं म्हणे इथं. मुलीची लाल सायकल अजून दाराशी आहे. मी म्हटलं, "मोठं सामान नेणाऱ्या कचऱ्याच्या गाडीत देऊन टाक." तर म्हणाला, "कालच हवा भरलीय, आबा."

गेल्या रविवारी गेलो तर स्वारी खुशीत. गाव भरलेलं, एकही माणूस कमी नाही. मी सवयीनं तट निरखला. चारी बाजूंनी सलग दगड.

"वेस कुठाय रं?"

"बुजवली. आता कुणी जात नाही."

हसू आलं, पण हसलो नाही. पारू गेली तिथून परत येता येत नाही. याची माणसं तर पुण्यात आहेत.

"अरे मूर्खा," मी म्हटलं, "कुणाला यायचं झालं तर यावं कुठनं?"

चहा गार झाला. मग त्यानं एकेक दगड काढून वेस मोकळी केली. लगेच खेळातला एक बुटका बाहेर चालू पडला. देवधर या खेपेला उठला नाही. हात फोनकडं गेला.

मी चपला घालू लागलो. मागून त्याचा आवाज आला, "हॅलो... जेवलात का गं तुम्ही दोघी?"