चादरीवर जिंकलेले सुभद्राबाईंचे मत

वाचणारांस दंडवत. लालबागेतील एके चाळीची हकिकत जैसी घडली तैसी लिहितो. शके अठराशे एकोणऐंशी, हेमलंबी नाम संवत्सरे, श्रावणमासी, संयुक्त महाराष्ट्राचे रण पेटले असता गिरणीतले मातबर जॉबर, म्हणजे मुकादम, राजमान्य धोंडूजीराव चाळकमिटीचे तख्ती विराजमान होते. त्यांचे कुटुंब सुभद्राबाई बहुत करारी. मोर्च्यात पोलिसांची लाठी दंडावर घेतलेली, आणि सरकारी निवडणुकीत मत देऊन आलेली. परंतु चाळकमिटीत बायकांस मत नाही ऐसा जुना दस्तूर. नळ किती वेळ चालावा हे ठरविणार पुरुष, आणि कळशा वाहणार बायका. हे शल्य बाईंचे उरी सलत होते. मग बाईंनी मताचा अर्ज गुदरला आणि कमिटीने खलबत केले की, सत्यनारायणाचे पूजेस, बायकांच्या मताची टवाळी करणारे एक जुने मुके विलायती हलते चित्र चादरीवर दाखवावे आणि अर्ज हसण्यावारी न्यावा.

मुक्या चित्रास सांगणारा लागतो. ते काम कमिटीतले लवूजी यांजकडे. परंतु लवूजींनी आदले दिवशी मोर्च्यात ‘झालाच पाहिजे’ गर्जून घसा पुरता बसविला होता. ऐन समयी तोंडातून नुसता वारा. कमिटी हवालदिल जाहली, आणि मग सुभद्राबाई पदर खोचून चादरीपाशी उभ्या ठाकल्या.

चित्रात मडमा मत मागत धावतात, शिपाई पाठी लागतो, आणि घरी साहेब रडते पोर काखेत घेऊन दूध उतू घालवतो. मडमांस हसावे ऐसा कमिटीचा हेतू. परंतु शिपाई दिसताच बाईंनी दंडावरला वळ दाखविला, आणि सारी चाळ चित्रातल्या शिपायास शिव्या देऊ लागली. मग दूध उतू जाताच बाई वदल्या, “ह्यो बाप्यो माझ्या घोवासारखोच दिसता.”

अवघी चाळ पोट धरून हसली. खासे धोंडूजीराव सर्वांआधी हसले, आणि मग बोल आपणांसच लागला हे उमगून टोपी सावरू लागले.

बाईंनी हसू ओसरू दिले आणि धन्याकडे पाहून पुसले, “मोर्च्याक बायको होयी, मताक नको. ह्या खंयचा राज्य?”

तो वळ धोंडूजींनी स्वहस्ते शेकला होता. त्यांस भडभडून आले. मग अर्जास रुकार म्हणून त्यांचा हात वर गेला, आणि त्यामागे कमिटीचे सारे हात.

येणेप्रमाणे फत्ते जाहली. बायकांनी पहिल्याच मताने नळाची वेळ वाढविली, आणि वाढीव वेळात पाणी पुरुषांनी भरावे ऐसा हुकूम काढिला. दुसरे दिवशी पहाटे धोंडूजीराव हंडा घेऊन मोहिमेवर निघाले. शेगडीवर दूध ठेवून गेले होते, ते उतू गेले.