गणपत म्हात्रेची बिनभाराची बंदूक

गणपत म्हात्रे कोणाशी हस्तांदोलन करीत नाही. तो हाताचे माप घेतो. आपण स्नेहाने हात पुढे करावा, तर तो बोटे दाबून, तळवा उलटासुलटा करून पाहतो आणि निकाल देतो. माझा हात पाहून तो म्हणाला, "ह्यो हात न्हाय मास्तर, वल्हं हाय." जन्मभर खडू धरलेल्या हाताचा हा पाणउतारा दुसऱ्या कोणी केला असता, तर मी त्याची गय केली नसती.

किहीमच्या किनाऱ्यावर गणपतचा फुगे फोडण्याचा स्टॉल होता. दरवर्षी जत्रेच्या सकाळी पहिला फुगा त्याची पत्नी, यमुनावहिनी, फोडीत असत. ती त्याची भवानी. त्यानंतरच गिऱ्हाइकाच्या हाती बंदूक पडे. गेल्या जत्रेआधी वहिनींच्या डाव्या अंगावरून वारे गेले. भवानी झाली नाही, म्हणून स्टॉल उघडला नाही, आणि तो पुढेही बंदच राहिला. यंदाच्या जत्रेत तो उघडतो की कायमचा मिटतो, हा प्रश्न साऱ्या गावापुढे होता. गणपत मात्र छऱ्याच्या दोन मोडक्या बंदुकांतून तिसरी, नवी बंदूक जुळवीत बसला होता.

ती कशासाठी, याविषयी गावात दोन कथा प्रचलित आहेत आणि दोन्ही असत्य आहेत. दत्तू न्हावी सांगतो, गणपतचा हात थरथरू लागला म्हणून. सरपंच सांगतात, रानडुकरांच्या बंदोबस्तासाठी. त्या छऱ्याने रानडुकराला केवळ गुदगुल्या होतील, इतकेही ज्यांना उमगत नाही त्यांनी इतिहास सांगण्याच्या भानगडीत पडू नये. साक्षीदार मी आहे.

प्रथम मुंबईहून हँडगार्ड मागवला. हँडगार्ड म्हणजे नळीखालचा, डाव्या तळव्यावर तोलायचा भाग. पार्सल येताच गणपत धावतच माझ्या ओटीवर आला. ते फोडताना माझेही हात अधीर झाले होते, हे मी लपवीत नाही. आत ॲल्युमिनियमचा, सर्वांगी भोके पाडलेला, देखणा हँडगार्ड! गणपतने तो तडक बाजारात नेला आणि काशीबाई कोळणीच्या तराजूत ठेवला. दुसऱ्या पारड्यात एक पापलेट होते. हँडगार्डचे पारडे खाली गेले.

"भार हाय," गणपत म्हणाला. हे त्याचे ब्रीदवाक्य.

"मग पापलेटच लाव बंदुकीला," काशीबाई म्हणाली. "भोकं तरी पाडाया नकोत."

त्यानंतर कार्बनची नळकांडी आली. ती हलकी होती, परंतु घामाच्या हातातून निसटे. मग त्याने पांगाऱ्याचे लाकूड आणले, ज्याचे बोये जाळ्याला बांधले की जाळे तरंगते. ते तो रोज तासायचा, बंदुकीला लावायचा आणि डोळे मिटून डाव्या हाताच्या केवळ दोन बोटांवर तोलून पाहायचा. नाक्यावर हशा पिकायचा. "भार हाय," म्हणत तो पुन्हा तासायला बसायचा. असा आवेश मी तरण्या पोरांतही पाहिलेला नाही.

बंदुकीच्या मागच्या मुठीचा प्रकार तर अजब होता. तांदळाच्या उकडीचा गोळा घेऊन तो गावभर हिंडला. ज्याला त्याला मूठ आवळायला लावी आणि हात नापसंत करी. अखेर काशीबाईचा हात पसंत पडला. तिच्या मुठीचा ठसा उमटलेली उकड त्याने छपरावर वाळत घातली. ती कावळ्यांनी खाल्ली. दुसरी घातली, तिच्या राखणीला मात्र तो स्वतः सोटा घेऊन बसला.

मी चिडून विचारले, "अरे, बंदूक तुझी, आणि मूठ काशीबाईची का?"

त्याने सोटा उगारून एक कावळा उडवला. "यमुनाचा हात येवढाच हाय, मास्तर. तिची मूठ मागितली, आन् बंदूक न्हाय जमली, तर? आशा लावायची न्हाय तिला." डाव्या हाताची किती बोटे वहिनींच्या हुकमात उरली होती, हे विचारण्याची मला गरज उरली नाही.

जत्रेच्या सकाळी स्टॉलचा पडदा वर गेला. वहिनी खुर्चीत बसल्या होत्या. गणपतने बंदूक त्यांच्या मांडीवर ठेवली. त्यांनी मूठ धरली आणि एकदा नवऱ्याकडे पाहिले. मग पांगाऱ्याखाली दोन बोटे सरकली, आणि बंदूक उचलली गेली! पहिला छर्रा फळीत रुतला. दुसऱ्याने लाल फुगा फुटला, आणि जत्रेतल्या ढोलाहून माझ्याच छातीत अधिक ठोके पडले.

"भार झाला का गो?" गणपतने हळूच विचारले.

"कशाचा?" वहिनी म्हणाल्या. "दुसरा फुगा लाव."

आता दत्तू न्हावी सांगत सुटला आहे की, फुगा वहिनींनी कसला फोडला, गणपतनेच खालून हात देऊन बंदूक पेलली होती. दत्तू लांब, जत्रेच्या आकाशपाळण्यापाशी उभा होता. मी खुर्चीला खेटून होतो. गणपतचा हात वहिनींच्या कोपराखाली होता, हे खरे. बंदूक खाली येईपर्यंत तो तेथेच होता, हेही खरे. परंतु तो टेकलेला नव्हता. हात आणि कोपर यांच्यामधून मला समुद्र दिसत होता.