देविकाचे बारा गुण

कुठल्याही बायकोची दहा उत्तरं माझ्यासमोर ठेवा, तिच्या संसाराची तब्येत मी पाच मिनिटांत सांगतो! हे मी नाही म्हणत, माझ्या येऊ घातलेल्या पुस्तकाची प्रस्तावना म्हणते. आता प्रस्तावनाही मीच लिहिली आहे, ही गोष्ट वेगळी. मी मानसशास्त्र शिकवतो. जवळची नाती आणि त्यांचे आकडे, हा माझा विषय.

पुस्तकासाठी आमच्या फरीदाबादच्या सोसायटीतल्या वीस मराठी बायकांकडून मी एक प्रश्नावली भरून घेतली. दहा वाक्यं, प्रत्येक वाक्याला एक ते सात गुण. नावं अर्थातच गुप्त! नावाऐवजी फ्लॅटचा नंबर उलटा लिहायचा. ही कडेकोट व्यवस्था भेदणं कुणालाही शक्य नव्हतं. मी सोडून.

मंगळवारी सकाळी माझी विद्यार्थिनी अक्षता हिनं दिल्लीतल्या मुनिरक्याहून बेरजा पाठवल्या. सर्वांत जास्त गुण सत्तरपैकी सहासष्ट, नंबर २०६. म्हणजे ६०२, आमचे हरिदासराव! सर्वांत कमी बारा. कोण बिचारी, म्हणून तोही नंबर उलटा केला. ४०३ चे झाले ३०४. बाहेर जाऊन आमच्या दारावरची पाटी बघून आलो. तीनशे चारच होती.

माझ्या बायकोनं, देविकानं, मला बारा गुण दिले होते! आणि तिच्या कंपनीनं तिला पुण्याला बदली देऊ केली होती. शुक्रवारपर्यंत उत्तर द्यायचं होतं. "तुझं तू ठरव," असं मी मोठ्या मनानं म्हणालो होतो. ते मोठं मन आता मला महागात पडणार होतं.

तडक सहाव्या मजल्यावर गेलो. "हरिदासराव, वहिनींना इतकं सुखात कसं ठेवता?"

हरिदासरावांनी आधी मागे वळून पाहिलं, की मी नक्की कुणाशी बोलतोय. मग त्यांची छाती फुगली. "लक्ष द्यायचं! हिला मी क्षणभर एकटं सोडत नाही. काय करतेस, का करतेस, असंच का करतेस? सारखं विचारत राहायचं!"

आत स्वयंपाकघरात एक पातेलं जोरात आदळलं.

"ऐकलंत? खुशीत असली की अलकनंदा अशीच भांडी वाजवते."

बुधवारी देविका घरूनच काम करत होती. मी निशिगंधाच्या सहा काड्या घेऊन आत शिरलो.

"काय करतेस?"

"मीटिंग."

"तुला या क्षणी नेमकं काय वाटतंय?"

"तू बाजूला व्हावंस, असं वाटतंय!"

लॅपटॉपमधून गुडगावचा कोणीतरी ओरडला, "भाईसाब, नमस्ते! फूल बहुत अच्छे हैं!" चौदा जण हसले. देविका हसली नाही.

गुरुवारी सकाळी पेपर आला. एरवी ती शब्दकोड्याचं पान ओढून घेते, उरलेला मी वाचतो आणि अर्धा तास कुणी कुणाशी बोलत नाही. मी पेपर बाजूला ठेवला आणि तिच्या डोळ्यांत बघत बसलो. चांगली अकरा मिनिटं!

तिनं कोडं खाली ठेवलं. तिचा चेहरा उतरला होता. "यार, काय झालंय तुला? डॉक्टरकडे गेला होतास का? रिपोर्ट लपवतोयस?"

"तसं काही नाही. तुझा हात धरू का?"

"बापरे!" ती म्हणाली आणि माझा ताप बघायला थर्मामीटर घेऊन आली.

शुक्रवारी सकाळी अक्षताचा फोन आला. "सर, बेरजा उलट्या वाचायच्या आहेत, लक्षात आहे ना? ती सगळी वाक्यं तक्रारीची आहेत. 'नवरा माझं ऐकत नाही', 'मला घरात एकटं वाटतं'. गुण जास्त, तर तक्रार जास्त. तुमच्याच पुस्तकात आहे सर, तिसऱ्या प्रकरणात. ठळक अक्षरांत!"

वाक्यं मीच लिहिली होती. पण धाबं दणाणलं की माणूस स्वतःचं लिखाणही विसरतो. सहासष्टवाल्या अलकनंदावहिनींचं पातेलं आठवलं आणि अंगावर काटा आला. पण बारा म्हणजे वीस जणींत सर्वांत सुखी बायको माझीच! आनंदानं धावत जाऊन देविकाला सगळं सांगून टाकलं.

"म्हणजे तू नंबर उलटा करून बघितलास? नावं गुप्त होती ना?"

"ते सोड! पुण्याचं काय ठरवलंस? आज शुक्रवार आहे."

"नाही म्हणून सोमवारीच कळवलं. मला इथं छान वाटतं. तुझ्याबरोबर छान वाटतं, बिल्कुल!"

माझे डोळे भरून आले. पंधरा वर्षांत हे वाक्य तिनं मला कधी ऐकवलं नव्हतं. मी तिचा हात धरायला पुढे झालो.

"पण बुधवारी," शब्दकोड्याचं पान ओढून घेत ती म्हणाली, "तू फुलं घेऊन कॅमेऱ्यात आलास ना, तेव्हा वाटलं, जरा घाईच केली."

मी मुकाट्यानं उरलेला पेपर उचलला. पुढचा अर्धा तास आम्ही एकमेकांशी अवाक्षरही बोललो नाही. इतका सुखाचा अर्धा तास त्या आठवड्यात झाला नव्हता! मग तिनं नवी प्रश्नावली मागितली आणि चालू आठवड्यापुरती प्रामाणिकपणे भरून दिली.

सत्तरपैकी एकेचाळीस. बेरीज या वेळी मी बरोबर वाचली.