परवा, सकाळी अकरा वाजता

सूचना लिहावी तर मीच. काळविद्यापीठात बावीस वर्षं मुख्य कारकून आहे, पण माझ्या सूचनेचा कुणी दुसरा अर्थ काढला असं झालेलं नाही. कामाचा उरकही तसाच! टेबलावर आलेला कागद पाच मिनिटांत 'आवक'चा शिक्का खाऊन फाईलमध्ये गेलेला असतो. वाचत बसलो तर शिक्के कोण मारणार?

आमच्याकडे वेळ मागेपुढे करायला शिकवतात. ऐकायला मोठं वाटतं, पण तळमजल्यावर एक लिफ्ट आहे, एवढंच. इतर लिफ्टना मजले असतात, हिला वार आहेत. बटण दाबायचं, चकतीवर वेळ लावायची आणि दार उघडलं की त्या दिवशी बाहेर पडायचं. नियम एकच, स्वतःला भेटायचं नाही. मागे एक प्राध्यापक स्वतःशी वाद घालायला बसले, ते सहा महिने हटले नाहीत.

तर माझ्या सख्ख्या भाचीची तोंडी परीक्षा शुक्रवारी होती. सहा वर्षं घासून तिने 'उशीर होण्याची मूळ कारणं' या विषयावर प्रबंध लिहिला होता. पास झाली की येत्या सोमवारपासून इथेच नोकरी. परीक्षा हुकली तर पुढची संधी वर्षाने, आणि नोकरी दुसऱ्याला.

बुधवारी मी स्वतःच्या हाताने परीक्षकांना पत्र लिहिलं : 'तोंडी परीक्षा परवा, सकाळी अकरा वाजता, खोली क्रमांक सात.' आमच्या कुलसचिव बाई म्हणाल्या होत्या, "तारीख घाला." मी म्हटलं, "बाई, इतकं सरळ मराठी आहे, तारीख कशाला?"

शुक्रवारी अकरा वाजले. भाची आली, बाई आल्या, पाण्याचा तांब्या मात्र मलाच आणावा लागला, कारण आमचा शिपाई सोमवारपासून माझ्याशी बोलत नव्हता. सोमवारी अकराच्या सुमारास त्याने मला जुन्या कागदांच्या खोलीत कोंडलं होतं. बाहेरून कडी! तासाभराने सुटलो, तर समोर जिन्यात तोच उभा! त्याच्या हातात कारणे दाखवा नोटीस ठेवली.

साडेअकरा झाले तरी परीक्षक नाहीत. मी त्यांच्या घरी फोन लावला. त्यांच्या पत्नीने उचलला.

"ते परवाच तुमच्याकडे येऊन गेले ना," त्या म्हणाल्या.

"परवा? बुधवारी? बुधवारी तर परीक्षा नव्हती."

"ते मला काय माहीत? पत्र मिळालं तसे लगेच निघाले. तुमच्या लिफ्टने जायचंय म्हणाले."

"मग आता त्यांना जरा पाठवता का?"

"काल दाढ काढलीय. दोन दिवस तोंड उघडायचं नाही."

फोन ठेवला आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. तसा तो बुधवारीच पडायला हवा होता. बुधवारचा परवा म्हणजे शुक्रवार. पण बुधवारचा परवा म्हणजे सोमवारसुद्धा! आणि आमच्याकडे होऊन गेलेल्या दिवशी परीक्षा ठेवणं काही नवीन नाही, कॉपी करणाऱ्यांना चकवायला आम्ही ते नेहमी करतो. परीक्षक बुधवारी आले आणि सरळ सोमवारचं बटण दाबून गेले.

"म्हणजे सोमवारी ते खोलीत बसले, ही दिसली नाही, आणि त्यांनी गैरहजर लिहिलं असणार," बाई म्हणाल्या.

भाचीचा चेहरा उतरला. "मामा, तुम्ही फक्त शुक्रवार असं लिहायचंत ना."

जन्मल्यापासून या पोरीला खांद्यावर खेळवलं, आणि एका शब्दात तिची सहा वर्षं पाण्यात घातली.

"अजून गेलेलं नाही काही," बाई म्हणाल्या. "हिला सोमवारी पाठवा."

"पण बाई, सोमवारी अकराला मी सगळ्या खोल्या बघत फिरतो. विनापरवाना कुणी बसलेलं दिसलं की उठवतो."

"मग तुम्हीही जा, आणि तुम्हाला आवरा."

आम्ही लिफ्टमध्ये शिरलो. सोमवार, पावणेअकरा. भाचीला मी सात नंबरच्या खोलीत धाडलं आणि खांबाआडून बघत राहिलो. थोड्याच वेळात मी आलो. म्हणजे सोमवारचा मी, किल्ल्यांचा जुडगा वाजवत. पाठीमागून माझं इतकं टक्कल दिसतं हे घरात कुणी सांगितलं नव्हतं. तो सात नंबरच्याच दिशेने निघाला होता, पण वाटेत जुन्या कागदांच्या खोलीत डोकावायला आत गेला. मी धावलो आणि कडी घातली.

कडी हातात असतानाच मला शिपाई आठवला.

आतून मी दार बडवत होतो. माझा आवाज इतका उर्मट आहे? बाहेरून मी एका हाताने दार धरून उभा, दुसऱ्या हाताने जिन्यातल्या शिपायाला खुणावत. बाराला पाच कमी असताना भाची खोलीतून बाहेर आली.

"कशी झाली?"

"माहीत नाही, मामा. ते सारखं घड्याळ बघत होते. पाकीट बंद करून तुमच्या टेबलावर ठेवलंय त्यांनी."

कडी काढून आम्ही लिफ्टकडे पळालो. शुक्रवारी परत येऊन मी फाईल उपसली. पाकीट होतं. त्यावर सोमवारचा माझाच शिक्का होता आणि ते फोडलेलं नव्हतं. चार दिवस ते माझ्या कोपराखाली होतं!

बाईंनी वाचलं, "उमेदवार उत्तीर्ण. विषयाची सखोल जाण. विद्यापीठाने मात्र सूचना लिहिण्यासाठी जाणकार माणूस नेमावा."

भाची माझ्या गळ्यात पडून रडली. मीही रडलो, पण माझं कारण निम्मं वेगळं होतं.

मग मी शिपायाकडे गेलो. "अरे, त्या नोटिशीचा खुलासा तू दिलाच नाहीस," मी जरा मऊ आवाजात म्हटलं.

"दिला की, साहेब. तुम्हीच लिहिलं होतं, परवापर्यंत द्या. सोमवारचा परवा म्हणजे शनिवार. नोटीस मिळाली त्याच दिवशी लिफ्टने मागे जाऊन टेबलावर ठेवून आलो."

फाईलच्या तळाशी तो सापडला. गेल्या शनिवारचा शिक्का मारलेला. कडी लागण्याच्या दोन दिवस आधी माझ्याकडे सगळं लेखी आलेलं होतं :

'मी जिन्यात उभा होतो. आतले साहेब म्हणत होते, उघड. बाहेरचे साहेब हाताने खुणावत होते, उघडू नको. दोघेही साहेबच असल्यामुळे माझा गोंधळ झाला. बाहेरचे साहेब जास्त घाबरलेले दिसले, म्हणून त्यांचं ऐकलं. कळावे.'

"चुकलो रे," मी म्हणालो. "नोटीस मागे घेतो."

"लेखी द्या, साहेब."

"देतो. परवा नक्की देतो."

तो लिफ्टकडे वळला. मी मुकाट्याने कागद ओढला आणि आधी तारीख घातली.