मागचे दोन्ही गेले

"दोन नट वर, दोन नट खाली. एक बाजू झाली की दुसरी म्हणजे नुसती नक्कल. जेवायच्या आत गाडी चारी पायांवर उभी करतो," जावईबापू म्हणाले आणि शर्टाच्या बाह्या कोपराच्या वर सारून अंगणात उतरले.

त्यांची बायको, धाकटी, त्यांच्या मागे चहाचा कप घेऊन उभी होती. लग्न झाल्यापासून हेच वाक्य तिनं निरनिराळ्या वस्तूंबद्दल ऐकलं होतं. शिवणयंत्राबद्दल ऐकलं होतं. त्या यंत्रावर आता कुंडी ठेवलेली असे. भिंतीवरच्या घड्याळाबद्दल ऐकलं होतं. ते त्यांनी उघडून बंद केल्यापासून चालत होतं हे खरं, पण उलटं.

जावईबापू हे काही त्यांचं नाव नव्हे. सासऱ्यांनी पहिल्याच दिवशी तशी हाक मारली आणि ती डिंकासारखी चिकटली. गाडीही सासऱ्यांचीच. लांबलचक स्टेशन वॅगन, एखादं कपाट आडवं पाडून त्याला चाकं लावावीत तशी. तिच्या डिकीत मागच्या काचेकडे तोंड केलेलं एक बाक होतं. लहानपणी थोरली आणि धाकटी, दोघी बहिणी, तिथंच बसत. साऱ्या जगाला रस्ता समोरून येताना दिसतो. या दोघींना तो निघून जाताना दिसायचा. वडील मान न वळवता विचारत, "मागचे ठीक?" आणि दोघी एका सुरात सांगत, "मागचे ठीक." एकदा तर थोरलीला गाडी लागली होती. तोंडावर रुमाल दाबून धरला होता, डोळ्यांतून पाणी येत होतं, तरी तिनं रुमालातूनच सांगितलं, "मागचे ठीक."

वडिलांच्या माघारी गाडी दोघी बहिणींच्या नावावर झाली आणि धाकटीच्या अंगणात राहिली. पण आता ती म्हातारी झाली होती. खड्डा आला की एकदा धाडकन आपटायची आणि मग वल्ही हरवलेल्या होडीसारखी बराच वेळ डुलत राहायची. मध्यंतरी अशाच एका खड्ड्यात थोरलीचं डोकं छताला लागलं आणि पाठ आखडली. पाठीला पट्टा बांधून तिनं निकाल दिला, की सोमवारी भंगारवाला येईल.

धाकटी रडली नाही, पण त्या दिवशी जेवलीही नाही. तेव्हा थोरलीनं एक सवलत दिली.

"रविवारी मी मागे बसेन. हातात चहाचा भरलेला कप. पुलापर्यंत जाऊन यायचं. एक थेंब सांडला, तर गाडी सोमवारी जाईल."

"आणि नाही सांडला तर?"

"तर राहील. पण दुरुस्ती गॅरेजमध्ये व्हायला हवी. जावईबापूंनी हात लावायचा नाही. त्यांनी माझा रेडिओ दुरुस्त केला, तेव्हापासून त्यात फक्त खरखर आणि कुणाचं तरी भांडण ऐकू येतं."

गॅरेजवाला नेमका सासुरवाडीला गेला होता. म्हणून शनिवारी सकाळी, थोरलीला न कळवता, जावईबापू अंगणात उतरले होते.

मागच्या शॉकअपचे, म्हणजे खड्ड्याचे धक्के झेलणाऱ्या नळ्यांचे, वरचे नट डिकीतल्या गालिच्याखाली होते, म्हणून आधी डिकी रिकामी करावी लागली. तिच्यातून काय काय निघालं! घडीची खाट, उशा, दोन छत्र्या, वडिलांचे बूट, वडिलांची टोपी, वडिलांचा दम लागल्यावर टेकायचा लोड. सगळं हिरवळीवर मांडून ठेवलं, तर एखाद्याचं बिऱ्हाड आवरायला काढल्यासारखं दिसू लागलं. मग गाडी जॅकवर चढली, मागची चाकं निघाली, ॲक्सलखाली टेकू गेले आणि एक जुनी चादर अंथरून जावईबापू गाडीखाली सरपटले. बाहेर उरले ते फक्त पाय.

इथं एक गोष्ट सांगायला हवी. या घराच्या पाठीमागे, कुंपणापलीकडे, एक वयस्कर जोडपं राहायचं. त्यांच्या दारावर नावाची पाटी होती, पण अख्खी आळी त्यांना 'मागचे' म्हणे. मागचे काका, मागच्या काकू. सध्या ते लेकीकडे गेले होते. धाकटीला सांगून गेले होते. थोरलीला ठाऊक नव्हतं.

फोन वाजला. धाकटीनं उचलला आणि तिकडून थोरली बोलू लागली, त्याच क्षणी अंगणातून, गाडीच्या पोटातून, जावईबापूंचा आवाज घुमला.

"अगं, मागचे दोन्ही गेले!"

थोरलीची सारी हयात वाचनालयात गेली होती. तिथं सगळे कुजबुजत बोलत, त्यामुळे आपल्याला कमी ऐकू येतं हे तिला कधी कळलंच नव्हतं. पण हे वाक्य तिला लख्ख ऐकू आलं.

"काय म्हणाले गं ते? मागचे गेले?"

धाकटीला वाटलं, झालं, चोरी पकडली. आता लपवण्यात अर्थ नव्हता.

"हो ताई," ती खालच्या आवाजात म्हणाली.

"दोन्ही?"

"दोन्ही."

"एकदम कसे गेले?"

"एकदम नाही. एक आधीच गेला होता म्हणे. मग सगळा भार दुसऱ्यावर आला. जोडीनं काम करायची सवय, एकट्यानं किती दिवस निभणार?"

थोरलीनं नाक ओढलं. हिला सर्दी झालीय वाटतं, असं धाकटीच्या मनात आलं.

"कधी झालं हे?"

"कोण जाणे. काही महिने तरी झाले असतील. आमच्या लक्षातच आलं नाही."

"महिने? अगं, रोज येता-जाता डोळ्यांसमोर, आणि लक्षात नाही? वास तरी आला असेल की."

"येत होता थोडा. मला वाटलं, गटाराचा असेल."

"आणि आता?"

"आता हे काढतायत. घट्ट चिकटून बसलेत, निघत नाहीत. हातोडीनं ठोकून बघितलं."

"हातोडीनं?"

"हलक्या हातानं गं. नाहीच निघाले तर करवतीनं कापणार आहेत. ताई? ऐकतेयस ना? तू रागावू नकोस."

"मी येते," थोरली एवढंच म्हणाली. फोन ठेवल्याचा आवाजसुद्धा हळू आला. धाकटीला वाटलं, फारच रागावली.

तिनं अंगणात जाऊन पायांना बातमी दिली. "ताईला कळलं. येतेय ती."

"येऊ दे," पाय म्हणाले. "येईपर्यंत नवे बसलेले असतील."

जुने दोन्ही शॉकअप एकदाचे निघाले. दाबले की मुकाट खाली बसत आणि पुन्हा वर येण्याची तसदी घेत नसत. धाकटीनं ते वर्तमानपत्रात गुंडाळून पायरीपाशी ठेवले. नवे शॉकअप पट्टीनं आवळून आखूड केलेले होते, कारण तसेच ते जागेवर चढतात. पट्टी कापायची ती नंतर. जावईबापूंनी "बांधलंय मात्र झकास" म्हणत आधी दोन्ही पट्ट्या कापल्या. शॉकअप झोपेतून उठून आळस देणाऱ्या माणसासारखे सावकाश लांब होत गेले. जागा वीतभर कमी पडू लागली.

"यावर बस जरा," जावईबापू म्हणाले.

धाकटी बसली. शॉकअप क्षणभर दबला आणि मग अदबीनं तिलाच वर उचलू लागला.

शेवटी जॅक खालीवर करून, एक टोक वर अडकवून, दुसरं खाली ओढून ते दोन्ही जागेवर आले. आता खालचा शेवटचा नट तेवढा राहिला होता. त्याचे आटे जुळेनात, म्हणून जावईबापू श्वास रोखून, बोटांच्या टोकांवर नट धरून, अगदी निश्चल पडले होते. तेवढ्यात फाटकाशी टॅक्सी थांबली.

थोरली उतरली. अंगावर राखाडी साडी. मागोमाग वाचनालयातल्या तिघी, प्रत्येकीच्या हातात पांढरी फुलं. टॅक्सी निघून गेली. चौघींनी हिरवळीकडे पाहिलं. वडिलांचे बूट, टोपी, उशा, खाट. मग गाडीकडे पाहिलं. चाकं नाहीत, आणि खालून आलेले दोन पाय.

"हेही?" थोरलीनं विचारलं.

"हे सकाळपासून असेच आहेत," धाकटी म्हणाली. "चहा दिला, तोही तसाच पडलाय."

"अंगावर चादर तरी घालायची."

"खाली घातलीय की."

वाचनालयातली सर्वांत जाड बाई मटकन घडीच्या खाटेवर बसली. खाटेनं आपला धर्म पाळला आणि बाईंना मध्ये घेऊन ती मिटली. दोघी त्यांना सोडवू लागल्या, तोच पाय हलले.

"अगं, तो बारीक पाना दे," पाय म्हणाले.

थोरलीनं फाटकाचा खांब धरला. "त्यांना कुठं ठेवलंय?"

"कुणाला?"

"मागच्यांना."

"हे काय, पायरीपाशी. वर्तमानपत्रात गुंडाळून."

थोरली गेली, वाकली, पाठ आखडलेली असतानाही वाकली, आणि एका बोटानं तिनं कागद बाजूला केला. आत तेलानं माखलेल्या दोन काळ्या नळ्या होत्या. तिनं त्या पाहिल्या. मग धाकटीकडे पाहिलं. मग पुन्हा नळ्या पाहिल्या.

"हे मागचे?"

"हो. गाडीचे."

कुणी काही बोलायच्या आत फाटकापाशी दुसरी टॅक्सी येऊन उभी राहिली. मागची गल्ली पाइप टाकायला खणली होती, म्हणून मागचे काका-काकू बॅगा घेऊन पुढच्या बाजूनं उतरले होते. इतक्या बायका, इतकी फुलं पाहून काकांनी टोपी काढली.

"कोण गेलं हो?" त्यांनी हळूच विचारलं.

"मागचे," जाड बाई खाटेतून सुटत सुटत म्हणाल्या.

"मागचे म्हणजे कोणते? मागचे तर आम्हीच."

यावर त्या बाई पुन्हा खाटेवर बसल्या आणि खाट पुन्हा मिटली.

मागच्या काकूंनी मात्र फार चौकशी केली नाही. त्यांनी पुढे होऊन तिघींच्या हातातली फुलं घेतली, हुंगली आणि म्हणाल्या, "माझ्यासाठी? लग्नापासून यांनी कधी एक फूल आणलं नाही. मुक्कामावरून येऊन दारात पाऊल नाही टाकलं, तर एवढं कौतुक."

आता फुलं कशासाठी आणली होती ते त्यांना कुणी सांगावं?

थोरली वडिलांच्या लोडावर टेकून बसली. धाकटी तिच्या शेजारी. "ताई, रागावलीस?"

"महिने झाले आणि आमच्या लक्षात आलं नाही, असं म्हणालीस ना," थोरली म्हणाली, "तेव्हा टॅक्सीत माझ्या मनात आलं, आपल्या दोघींचंही असंच होणार. जोडीतली एक जाईल आणि..." तिनं बोलणं तिथंच सोडलं आणि पदर सावरला. "जाऊ दे. जावईबापू, चाकं लावा. माझा चहा भरा. उद्यापर्यंत थांबण्यात अर्थ नाही. या तिघींनाही घरी सोडायचंय, टॅक्सी गेली."

"पण ताई, गॅरेजमध्ये नाही केलं, यांनी..."

"दिसतंय मला. काठोकाठ भर."

तिघी मधल्या सीटवर बसल्या. मागच्या काकू फुलं घेऊन घरी गेल्या, पण काका गंमत बघायला पुढे चढले. धाकटीला वाटलं, ताई नेहमीसारखी मधल्या सीटवर जागा करायला लावील. थोरली गेली ती सरळ डिकीतल्या उलट्या बाकावर. भरलेला कप दोन्ही हातांत धरून बसली आणि शेजारची जागा डोळ्यांनीच दाखवली. धाकटीही चढली.

गाडी निघाली. घर, फाटक, उलटी पडलेली खाट, सगळं हळूहळू लहान होत गेलं. धाकटीनं काचेबाहेर नजर लावली ती लावलीच. कपाकडे बघायचा धीर तिला होईना. पहिला गतिरोधक आला. गाडी वर गेली, खाली आली आणि एकदाच, समजूतदारपणे, स्थिर झाली. मग रेल्वेचं फाटक. मग तो खड्डा, ज्यात थोरलीचं डोकं लागलं होतं.

"मागचे ठीक?" पुढून जावईबापूंनी विचारलं. ते अर्थातच शॉकअपबद्दल विचारत होते.

दोघी बहिणींनी एकमेकींकडे पाहिलं.

"मागचे ठीक," दोघी म्हणाल्या.

"मी पुढे बसलोय," मागचे काका म्हणाले, "पण ठीक आहे."

पुलाशी गाडी थांबली. थोरली उतरली आणि साडी झटकून दाखवली. कुठे डाग नाही, ओल नाही. बशी कोरडी ठणठणीत. "एक थेंब नाही सांडला," तिनं जाहीर केलं. जावईबापूंनी खिशात हात घालून अशा चेहऱ्यानं पुलाकडे पाहिलं, की जणू तोही त्यांनीच बांधला होता.

धाकटीनं कप हातात घेतला. बशीसारखाच तोही कोरडा होता. तळाशी नुसती चहाची चिमूटभर भुकटी.

"ताई, चहा कुठंय?"

"सांडला का?" थोरलीनं विचारलं. तिचं बोलणं जिभेला चटका बसलेल्या माणसासारखं बोबडं येत होतं. "नाही ना? मग झालं. घली गेल्यावल त्या भंगालवाल्याला फोन कल, म्हणावं येऊ नकोस."

धाकटीनं कप पदरानं पुसला.

तिघींना घरोघर सोडून गाडी पुन्हा आळीत शिरली. अगदी घरासमोर एक छोटासा खळगा होता. त्यात पुढचं चाक गेलं आणि धाडकन आवाज झाला. मग पुढचा भाग डुलत राहिला.

"हं," जावईबापू खुशीत म्हणाले, "पुढचे दोन्ही गेलेत. काही नाही, दोन नट वर..."

समोरच्या घरातले आजी-आजोबा कठड्याशी उभे राहून झाडांना पाणी घालत होते. थोरलीनं त्या दोघांकडे नीट निरखून पाहिलं. त्यांनी हात हलवला, तिनंही हलवला, जरा जास्तच वेळ हलवला. मग ती धाकटीच्या कानाशी वाकली.

"हे तेवढं मला फोनवल सांगू नकोस."